बुधूच्या वळणावरची सावली

वाशिंदच्या बाजारात दीपेश आईसाठी चपला घ्यायला गेला होता. आईचं माप त्याला ठाऊक नव्हतं, आणि आईला दुकानात आणायची त्याला लाज वाटत होती, म्हणून घरून निघताना तिच्या पावलाएवढी सुतळी कापून त्यानं खिशात टाकली होती. दुकानदारानं विचारलं, "आईला का नाय आनलं, शेठ?" तर म्हणाला, "तिला टाइम कुठाय." सकुबाईला वेळच वेळ होता. ती आटगावच्या घराच्या ओटीवर बसून दिवसभर रस्त्याकडे बघत असायची.

दीपेश म्हणजे सिमेंटचा डीलर. वाशिंदला नव्या इमारती उगवायला लागल्या तशी त्याची भरभराट झाली, आणि भरभराट झाल्यावर हलका माणूस जे जे करतो ते ते सगळं त्यानं केलं. गळ्यात जाड साखळी आली. संदेश नावाच्या आपल्या धडधाकट पोराला तो सँडी म्हणायला लागला. गावातल्या माणसांशी हिंदीत बोलायला लागला, आणि तीही अशी हिंदी की ऐकणाऱ्यानं हसू दाबावं. उथळ पाण्याला खळखळाट फार, दुसरं काय.

२००६ सालचा तो मार्च महिना. जास्त माल उचलणाऱ्या डीलरांना कंपनीनं सहल दिली होती. मुंबईहून मोठ्या बोटीनं कोचीनला जायचं, तिथं उतरल्यावर गाइडबरोबर अर्धा दिवस शहर बघायचं आणि संध्याकाळच्या विमानानं परत यायचं. बरोबर घरचं एक माणूस. बायको सरिताला पोराच्या परीक्षेमुळे निघता येईना. तेवढ्यात कंपनीच्या साहेबानं सहज सांगितलं, की मोठ्या मालकांना आईबापांची सेवा करणारी माणसं फार आवडतात. त्या संध्याकाळी दीपेशला आपल्याला आई असल्याची आठवण झाली.

सकुबाईनं नको नको म्हटलं. मग बोलली, "येते. पन जायच्या आदी बुधूच्या वळनावर एक डाहाळी टाक. तुज्या हातानं."

"आल्यावर टाकतो," दीपेश म्हणाला आणि चपलांचा खोका तिच्यापुढं सरकवला.

या डाहाळीची गोष्ट सांगायलाच हवी. आटगावहून तानसाकडे जाणाऱ्या रस्त्यावर एक वळण आहे. फार वर्षांपूर्वी डोंगरातल्या पाड्यावरचा बुधू नावाचा माणूस खांद्यावर लाकडाची मोळी घेऊन त्या रस्त्यानं येत होता. भर चैत्रातल्या दुपारी त्या वळणावर तो पडला. रस्ता काही ओसाड नव्हता. गाड्या गेल्या, सायकली गेल्या, बाजाराला निघालेली चांगली खाऊनपिऊन सुखी माणसं गेली. प्रत्येकानं बघितलं आणि प्रत्येकाला वाटलं, दारू प्यालाय. पाड्यावरचा माणूस पडलेला दिसला की आपल्याकडच्या शहाण्यांना दुसरं काही सुचतच नाही. दिवस कलल्यावर कुणीतरी पायानं हलवून बघितलं तेव्हा कळलं, की तो पडल्यापासून शुद्धीत होता, पाणी मागत होता, आणि थोडा वेळ आधीच मेला होता.

तेव्हापासून तिथून जाणारा प्रत्येक जण बाजूच्या झाडाची एक डाहाळी मोडून त्या जागी टाकायचा. तेव्हा कुणी दिली नाही ती सावली आता द्यायची, एवढाच त्याचा अर्थ. पूजा नाही, नारळ नाही. पाला सुकायचा, नवा पडायचा, ढीग कधी ओसरायचा नाही.

आदल्या दिवाळीत दीपेशनं तो तुकडा विकत घेतला आणि गोडाऊन बांधायला जेसीबी आणला. सकुबाई अनवाणी तिथवर चालत गेली होती. "पोरा, सावली काडू नको," ती बोलली. "जो काडंल, त्याच्या अंगाची जाते."

"गेली तर छत्री घेऊ," दीपेश म्हणाला. जेसीबीवाला हसला, कारण पैसे दीपेश देणार होता. ढीग गेला. खालची माती चोपून वर जाड कोबा घातला, आणि त्यावर ट्रक उभे राहायला लागले.

तर बोट. बोटीवर दीपेशचं वागणं म्हणजे ताकापुरतं रामायण होतं. मालक समोर आले की आईचा हात धरायचा, खुर्ची सरकवून द्यायची, वाकून तिच्या पाया पडायचं. मालक पुढं गेले की हा आईच्या चार पावलं पुढं. ती जवळ आली की तो आणखी चार पावलं पुढं. तिचं लुगडं, तिचं हातानं भात कालवणं, समुद्राकडे बघून हात जोडणं, सगळ्याची त्याला शरम वाटे. नाशिकच्या एका डीलरच्या बायकोनं जेवताना विचारलं, "या कोण तुमच्या?" दीपेश म्हणाला, "गावाकडच्या आहेत. आल्यात बरोबर." सकुबाई शेजारीच बसली होती. तिनं ऐकलं आणि पानातलं लोणचं निवांत चाटून खाल्लं.

कोचीनला उतरले तेव्हा ऊन चढलं होतं. गाइड पांढऱ्या कपड्यातला, हसरा, हातात लाल छत्री. "मेरा छाता देखते रहिए," तो म्हणाला, "छाता दिखा तो रास्ता दिखा." त्यानं मासे पकडायची ती किनाऱ्यावरची भलीमोठी जाळी दाखवली. जुनं चर्च दाखवलं. आकाशभर पसरलेली शिरीषाची झाडं दाखवली, ज्यांच्या खाली अख्खी जत्रा बसेल. दीपेश नाकानं कांदे सोलत होता. चर्च त्याला आपल्या गोडाऊनपेक्षा लहान वाटलं. समुद्र तानसाच्या तलावापेक्षा घाण वाटला. झाडं बघून तो म्हणाला, "तोडली तर केवढी जागा निघेल." सकुबाई मात्र प्रत्येक झाडाखाली घटकाभर थांबत होती आणि वर बघत होती. तिचं तेवढंच शहर बघणं चाललं होतं.

शेवटी मसाल्याच्या जुन्या वखारींच्या गल्ल्या आल्या. दोन्हीकडे उंच भिंती, आत अंगणात वाळत घातलेली सुंठ, आणि हवेत त्या सुंठेचा घशाला झोंबणारा वास. बायका काळी मिरी घ्यायला थांबल्या. दीपेशचा फोन वाजला. कुठल्याशा ट्रकचं काहीतरी अडलं होतं. तो फोनवर ओरडत राहिला. फोन संपला तेव्हा आजूबाजूला कुणी नव्हतं. आई तेवढी चार पावलं मागं उभी होती. समोरच्या कोपऱ्यावरून लोकांच्या डोक्यांपेक्षा उंच धरलेली छत्री वळताना दिसली.

"चल लवकर," तो म्हणाला आणि वळला.

ती गल्ली लांब होती. पुढं छत्री चालली होती, पण छत्रीमागं एकही डीलर नव्हता. वखारींची दारं बंद. मिरचीच्या पोत्यावरून फिरणारी मांजरं नाहीत, हातगाड्या नाहीत, कसलाही आवाज नाही. आपल्या बुटांचा आवाजसुद्धा दीपेशला ऐकू येईना. ऊन सगळीकडे सारखं पडलं होतं. भिंती एवढ्या उंच, तरी एकाही भिंतीची सावली नव्हती. पन्हळीखाली नाही, दाराच्या चौकटीत नाही. सगळी गल्ली पांढरी, चुन्यानं सारवल्यासारखी.

सुंठेचा वास हळूहळू मागं राहिला. आणि दुसराच वास यायला लागला, गोड, जड, आंबुस. दीपेशला तो लगेच ओळखता आला. तो मोहाच्या फुलांचा वास होता. मार्चमध्ये तानसाच्या जंगलात पहाटे मोह गळतो, तेव्हाचा.

"पोरा…" मागून आई म्हणाली. "ती छत्री नाय."

दीपेशनं डोळ्यांवर हात धरून बघितलं. लाल रंग कुठंच नव्हता. पुढच्या माणसानं डोक्यावर धरली होती ती ऐनाच्या झाडाची, पानांनी भरलेली डाहाळी. चालता चालता तिची पानं गळत होती, आणि खाली पडेपर्यंत सुकत होती. माणूस उघडा, कमरेला लंगोटी, खांद्यावर मोळी वाहून पडलेले घट्टे. त्यानं मागं वळून बघितलं नाही. डाहाळीची शेवटची पानं झडली, नुसतं काटूक, वाळकी काडी उरली, तेव्हा तो थांबला. आधी गुडघे टेकले, मग हात, आणि सावकाश, अंगावरचं ओझं उतरवावं तसा, तो रस्त्यावर पालथा झाला.

मग आवाज आला. तोंड जमिनीकडे होतं, तरी अगदी कानाशी आला.

"माजी सावली… कुनी काडली रं…"

हजार मैल लांबच्या शहरात आपल्या डोंगरातली बोली ऐकली की माणसाला काय वाटेल ते वाटो. दीपेशला जे वाटलं ते त्याच्या जातकुळीचं होतं. तो बोलला, "दारू प्यालाय साला. चल आई."

आई चालली नाही. ती त्या पडलेल्या माणसाकडे निघाली होती.

"आई, चल म्हणतो ना…"

"तू जा," सकुबाई म्हणाली.

आणि तो गेला. हेही सांगायला हवं. म्हाताऱ्या आईला त्या गल्लीत सोडून तो पळाला. कोपऱ्यावर एकदाच वळून बघितलं तेव्हा ती त्या माणसाच्या उशाशी वाकली होती, आणि डोक्यावरचा पदर दोन्ही हातांनी ताणून त्याच्यावर धरला होता. त्या अख्ख्या गल्लीत तेवढीच हातभर सावली होती.

बसमध्ये गार हवा होती. लाल छत्रीवाला गाइड दारात उभा राहून लोकांना मोजत होता. "आपकी माताजी?" त्यानं विचारलं. "आयेगी," दीपेश म्हणाला आणि खिडकीचा पडदा ओढून घेतला. बऱ्याच वेळानं सकुबाई आली, कुणालाही वाट न विचारता, सरळ. शेजारी बसली. तिच्या अंगाची धग सीटवरून त्याला लागली.

"तुजं देनं मी दिलं," ती हळू आवाजात बोलली. "तुजी सावली ऱ्हायली तुज्यापाशी. माजी परत यायची तर तुला डाहाळी टाकाय लागंल. वळनावर. तुज्या हातानं… दुसऱ्याच्या नाय."

"ऊन लागलंय तुला. झोप."

विमानतळावर बसमधून उतरले तेव्हा ऊन तिरपं झालं होतं. सगळ्यांच्या सावल्या लांबलांब पसरल्या होत्या. नाशिकच्या त्या बाईची सावली तर पार भिंतीवर चढली होती. सकुबाईच्या पायाशी फक्त नव्या चपला होत्या. दीपेशनं ते बघितलं. बघितलं आणि बॅगा उचलून चार पावलं पुढं निघून गेला.

घरी आल्यावर सरिताच्या ध्यानात गोष्टी यायला लागल्या. अंगणात पापड वाळत घातले होते आणि त्यावर चिमण्या उतरल्या होत्या. सासूबाई मधून चालत गेल्या, तर एकही चिमणी उडाली नाही. माणसाची सावली अंगावर आल्याशिवाय चिमणी कशाला उडेल? मग तिनं खाली बघितलं, आणि हातातलं सूप तिथंच ठेवलं.

सकुबाईला तहान लागत होती. हंड्यानं पाणी प्यायली तरी ओठ कोरडेच. खोलीत पंखा, दारं लावलेली, ओली चादर, तरी अंग गच्चीच्या कोब्यासारखं तापलेलं. डॉक्टर आला, काचेची नळी तोंडात घालून बघितली. नळी म्हणत होती ताप नाही. अंधाऱ्या खोलीतसुद्धा ती डोळ्यांवर हात धरून पडून राहायची, समोर ऊन असल्यासारखी.

"तुमी एक डाहाळी टाका ना," सरिता म्हणाली. "काय जातंय तुमचं?"

"माझं नाव जातंय," दीपेश म्हणाला. गोडाऊनवर दिवसभर हमाल, ड्रायव्हर, गिऱ्हाईकं. त्यात त्याच आठवड्यात कंपनीचे साहेब येणार होते, पहिल्या नंबरच्या डीलरची ढाल द्यायला. त्यांच्यासमोर पहिल्या नंबरचा डीलर झाडाची फांदी घेऊन कोब्यावर टाकणार? तो रोज उद्यावर ढकलत राहिला. आणि रोज ओटीवरून जाताना आतल्या खोलीकडे न बघण्याची त्यानं छान सवय लावून घेतली.

ढालीचा दिवस उजाडला तेव्हा सकुबाईला पाणीही गिळवेना. सरितानं नवऱ्याची वाट अडवली. तिला रडू फुटलं होतं. "आज नाय टाकली तर त्या जातील. तुमची आई हाय ती."

त्या रडण्यानं म्हणा, किंवा साहेबांची गाडी यायच्या आत ही कटकट संपावी म्हणून म्हणा, दीपेश कबूल झाला. गोडाऊनवर पोचला. फुलांची कमान लागली होती, खुर्च्या मांडल्या होत्या. त्यानं चारी बाजूला बघितलं, आणि देवजीला हाक मारली. देवजी हा जुना हमाल.

"ती मागच्या झाडाची एक डाहाळी तोड आणि टाक तिथं. माझ्या नावानं."

देवजी उभाच राहिला. "शेठ, म्हातारी बोलली व्हती, तुमच्या हातानं…"

"हात तुझा असला तरी पगार माझा ना? मग माझीच झाली. टाक."

उंटावरून शेळ्या हाकणारे पुष्कळ बघितले, पण आईचा जीव असा कुणी हाकल्याचं ऐकिवात नाही. देवजीनं डाहाळी टाकली. दीपेशनं खुर्चीतून न उठता बघितली, आणि घरी फोन लावला. "टाकली, सांग तिला."

सरितानं खोलीत जाऊन सांगितलं. "आत्या, टाकली हो त्यांनी."

सकुबाईनं डोळ्यांवरचा हात काढला. सरितानं खिडकी उघडली होती, उन्हाचा पट्टा खाटेवर आला होता. सकुबाईनं आपला हात त्या उन्हात धरला आणि खाटेच्या कडेवरून खाली फरशीकडे बघितलं. बराच वेळ बघत राहिली.

"नाय गो," ती म्हणाली. "नाय टाकली त्यानं."

तिकडे साहेबांच्या हातून ढाल घेताना दीपेश हसत होता, तेवढ्यात फोन आला.

दहावा झाला, तेरावा झाला. दीपेशनं गावजेवण असं घातलं की लोक अजून आठवण काढतात, जिलबीची. पावसाळा आला नि गेला. आणि ऊन पुन्हा लख्ख पडायला लागलं तसं देवजीला पहिल्यांदा दिसलं. गोडाऊनच्या फाटकासमोर, जिथं पूर्वी पाल्याचा ढीग होता तिथं, भर दुपारी कोब्यावर सावली पडली होती. वर काही नव्हतं. झाड नाही, तार नाही, ढग नाही. आणि त्या सावलीचा आकार वाकलेल्या बाईचा होता, दोन्ही हातांनी पदर ताणून धरलेल्या.

हमाल आधी घाबरले. मग एक जण तिथं टेकला. म्हणाला, माठाशी बसल्यासारखं गार वाटतं. हळूहळू सगळे तिथंच भाकर खायला बसायला लागले. बसण्याआधी प्रत्येक जण एक डाहाळी टाकायचा. कुणी कुणाला सांगितलं नव्हतं. तानसाकडे जाणाऱ्या बायाही टाकायला लागल्या. ढीग पुन्हा वाढायला लागला. तो उचलून टाकायचं दीपेशचं धाडस झालं नाही.

त्याला झोप लागेनाशी झाली होती. दिवसा तहान लागायची. शेवटी एका दुपारी तो केबिनमधून बाहेर आला, मागच्या झाडापाशी गेला, आणि सगळ्यांच्या देखत स्वतःच्या हातानं डाहाळी मोडली. हमाल भाकर खायचे थांबले. दीपेश चालत आला. डाहाळी ढिगाशी नेईपर्यंत हातातच वाळून काटूक झाली होती. त्यानं ती तरीही टाकली.

"आई," तो अगदी हळू म्हणाला, आणि सावलीत पाय ठेवला.

सावली सरकली. त्याच्या पावलाखालून निघून चार पावलं लांब जाऊन पडली, तशीच वाकलेली, पदर तसाच हमालांवर धरलेला. तो पुन्हा पुढं झाला. ती पुन्हा चार पावलं लांब गेली.

दीपेश उन्हात उभा राहिला. देवजी त्याच्या पायांकडे बघत होता. म्हणून दीपेशनंही खाली बघितलं. कोबा स्वच्छ पांढरा होता, त्याच्या बुटांभोवती सगळीकडून सारखाच.

देवजी उठला. त्यानं हात धुतले, झाडाची एक हिरवी डाहाळी मोडली, ती दीपेशच्या पायाशी ठेवली, आणि परत जाऊन अर्धी राहिलेली भाकर खायला बसला.